तेलाचं तूप, आणि बंद भांड्यातला हायड्रोजन

आजचा विषय रसायनशास्त्राचा आहे, आणि आम्ही जन्मभर तत्त्वज्ञान शिकवलं. तेव्हा समोर रसायनशास्त्राचे शिक्षक बसले असतील तर त्यांनी आम्हाला थोडं सांभाळून घ्यावं, आणि चुकलं तिथं हात वर करावा.

विषय आम्ही निवडलेला नाही. मागच्या वेळी कार्यकारणभावावर बोललो होतो. व्याख्यान संपल्यावर तलासरीकडचा एक तरुण थांबून राहिला. बोईसरला तारापूर एमआयडीसीत कंत्राटावर हेल्पर आहे, पहाटेच्या बसने जातो. म्हणाला, ‘सर, तुम्ही कारण कारण म्हणता. आमच्या प्लांटवर एक भांडं आहे. त्यात आधी नायट्रोजन भरतात, सोडून देतात. परत भरतात, परत सोडतात. असं तीनदा. मग हायड्रोजन. नायट्रोजनचं तर आत काहीच होत नाही. मग तो कशाला? सुपरवायझरला विचारलं तर म्हणतो, एसओपीत लिहिलंय.’

आम्हाला उत्तर येत नव्हतं. पण प्रश्न अस्सल कार्यकारणभावाचा होता. ज्याचं काहीच होत नाही ते कारण कसं? मग आम्ही वाचायला बसलो, दोन जुन्या विद्यार्थ्यांना गाठलं, आणि ते भांडं म्हणजे हायड्रोजनीकरणाचं ऑटोक्लेव्ह आहे एवढं कळलं. तिथून आज इथे पोचलो आहोत. त्या मुलाच्या प्रश्नाचं उत्तर शेवटी येईल, कारण त्याआधी तूप समजून घ्यावं लागेल.

डहाणू-तलासरीच्या पाड्यांवर मोहाच्या बियांचं तेल काढतात, हे इथल्या लोकांना आम्ही सांगायला नको. आमच्या लहानपणी घरी कामाला येणाऱ्या एक आजी ते बाटलीतून आणायच्या. थंडीत ते बाटलीतच थिजायचं, पांढरट व्हायचं, आणि बाटली उन्हात ठेवावी लागायची. शेंगदाण्याचं तेल मात्र त्याच फळीवर पातळच राहायचं. का? दोन्ही तेलंच, दोन्ही झाडापासूनची.

फरक असा. तेल किंवा चरबी म्हणजे ग्लिसरॉलला लटकलेल्या तीन लांब शेपट्या. शेपटी म्हणजे कार्बनच्या अणूंची साखळी, बहुतेक वेळा अठरा कार्बनची. प्रत्येक कार्बनला जितके हायड्रोजन धरता येतात तितके सगळे धरलेले असले, तर शेपटी सरळ राहते आणि तिला म्हणतात संपृक्त. मधेच कुठे दोन हायड्रोजन कमी असले, तर तिथे दोन कार्बनमध्ये दुहेरी बंध तयार होतो, आणि निसर्गातल्या तेलांत त्या जागी शेपटीला बाक येतो. ती असंपृक्त. सरळ काठ्यांची मोळी घट्ट बांधली जाते, वाकड्या फांद्यांची बांधली जात नाही. घट्ट बसतं ते घन, बसत नाही ते पातळ. मोहाच्या तेलात संपृक्त शेपट्यांचं प्रमाण बरंच, निम्म्याच्या जवळपास. म्हणून ते थिजतं.

आता एक टन तेल घ्या, ज्याच्या प्रत्येक शेपटीत एकेक बाक आहे. हे तेल साधारण पाच अंशांवर थिजतं, म्हणजे आपल्या डहाणूत कधीच नाही. त्यात सगळे बाक सरळ करण्यापुरता हायड्रोजन घाला. किती लागेल? जेमतेम सात किलो. आणि जे तयार होईल ते वितळायला सत्तर अंशांच्या वर तापवावं लागेल! हजार किलोत सात किलो, आणि वाहतं तेल मेणबत्तीसारखं कडक. यालाच हायड्रोजनीकरण म्हणतात. दुहेरी बंध उघडायचा आणि दोन्ही टोकांना एकेक हायड्रोजन बसवायचा, एवढंच.

एवढंच, पण ते आपोआप होत नाही. तेलात हायड्रोजनचे बुडबुडे दिवसभर सोडा, काही घडणार नाही. हायड्रोजनचे दोन अणू एकमेकांना फार घट्ट धरून असतात. त्यांना सोडवायला तिसरा लागतो. फ्रान्समध्ये तुलूझला पॉल साबातिए नावाचे प्राध्यापक होते. त्यांनी आणि त्यांचे सहकारी, धर्माने पाद्री असलेले सेंदरां यांनी, १८९७ साली एथिलीन वायू आणि हायड्रोजन बारीक निकेलवरून नेला आणि पलीकडून ईथेन बाहेर आला. निकेल जागच्या जागी. साबातिएंना १९१२ सालचं नोबेल मिळालं, ग्रीन्यार यांच्याबरोबर विभागून. त्यांचं काम वायूंवरचं होतं. पातळ तेलावर हे जमतं हे दाखवलं जर्मनीच्या विल्हेल्म नॉर्मान यांनी, आणि १९०२ मध्ये त्यांनी पेटंट घेतलं. निकेलच्या पृष्ठावर हायड्रोजनची जोडी सुटते, एकेकटे अणू धातूला चिकटतात. शेपटीचा दुहेरी बंधही तिथेच टेकतो. अणू एकामागून एक त्यावर चढतात आणि सरळ झालेली शेपटी निघून जाते. जागा मोकळी, पुढची शेपटी हजर.

इथे आमची सवय आडवी येते, क्षमा करा. आपल्या नैयायिकांनी मडक्याच्या उदाहरणात कारणांची फार बारीक वर्गवारी केली आहे. माती हे समवायी कारण, ती मडक्यातच राहते. कुंभार, चाक, चाक फिरवायचा दांडा ही निमित्तकारणं, ती मडक्याबाहेर राहतात. आणि मग ते विचारतात की माती पाठीवर वाहून आणणारं गाढव, ते कारण आहे का? ते म्हणतात, नाही. ते अन्यथासिद्ध. त्या गाढवाशिवायही मडकं होऊ शकतं; माती दुसऱ्या कोणीही आणली असती. आता निकेल हा दांडा की गाढव? आम्ही म्हणू दांडा, पण थोडा वेगळ्या जातीचा. दांडा मडक्याला चिकटून पुन्हा सुटत नाही. निकेल क्षणभर अभिक्रियेत स्वतः अडकतो आणि मग मोकळा होतो. ‘उत्प्रेरक बदलत नाही’ हे शाळेतलं वाक्य त्यामुळे अर्धंच खरं आहे. शेवटी तो बदललेला नसतो. मधल्या काळात बदललेला असतो.

हिंदुस्थानात हे तंत्र लीव्हर कंपनीने रुजवलं. १९३१ साली हिंदुस्थान वनस्पती मॅन्युफॅक्चरिंग कंपनी निघाली, मुंबईत शिवडीला कारखाना उभा राहिला, आणि १९३७ पासून डालडा. नावाची गोष्ट अशी सांगतात की आधी हे तूप हॉलंडहून आणणाऱ्या कंपनीचं नाव ‘दादा’ होतं, लीव्हरने त्यात आपला ‘ल’ घुसवला. पिवळा डबा, त्यावर हिरवं ताडाचं झाड. आमच्या घरात साजूक तूप सणाला आणि आजारपणाला, बाकी वर्षभर डालडा. रिकाम्या डब्याला तर मरण नव्हतं. तुळस लावा, तांदूळ ठेवा, पाड्यावर पाणी न्या.

त्या काळी भांडण आरोग्याचं नव्हतं, फसवणुकीचं होतं. साजूक तुपात डालडा मिसळला तर ओळखायचा कसा? गांधीजींनी ‘हरिजन’मधून वनस्पती तुपाविरुद्ध लिहिलं, स्वातंत्र्यानंतर बंदीच्या मागण्या झाल्या. वनस्पतीला रंग द्यावा असाही विचार झाला, पण सोयीचा रंग सापडेना. शेवटी निघालेली तोड आम्हाला फार आवडते. प्रत्येक वनस्पती तुपात पाच टक्के तिळाचं तेल घालणं कायद्याने सक्तीचं झालं. तिळाच्या तेलात असं द्रव्य असतं की संशयित तुपात हायड्रोक्लोरिक आम्ल आणि फरफ्युराल घालून हलवलं तर ते लालसर होतं. बोदुआँ यांची चाचणी ती. म्हणजे भेसळीचा साक्षीदार आधीच डब्यात बसवून ठेवला. कार्य आधीपासूनच कारणात असतं हे सांगताना सांख्यवाले तिळातल्या तेलाचा दाखला देतात; तो तीळ असा कोर्टात कामाला येईल हे त्यांच्या स्वप्नातही नसेल.

खरा घोटाळा मात्र डब्याच्या आत होता, आणि तो पन्नासेक वर्षं कोणाला नीट दिसला नाही.

कारखान्याला तेलाचं मेण करायचं नव्हतं. तोंडात विरघळेल, रवाळ दिसेल, उन्हाळ्यात फार वाहणार नाही असं तूप हवं होतं. म्हणून हायड्रोजनीकरण अर्ध्यावर थांबवायचे. आता निकेलवर काय चालतं ते पुन्हा पाहा. शेपटी टेकली, एक हायड्रोजन चढला. या घडीला दुहेरी बंध मोडलेला आहे, ती जागा एकेरी झाली आहे, आणि एकेरी बंध स्वतःभोवती फिरू शकतो. शेपटी फिरते. दुसरा हायड्रोजन वेळेवर आला तर ठीक. नाही आला तर काय होतं? पहिला हायड्रोजनही सुटून जातो, दुहेरी बंध परत तयार होतो, पण मधल्या वेळात शेपटी फिरलेली असते. आधी बाक होता, आता जवळजवळ सरळ. एकही अणू वाढला नाही, एकही कमी झाला नाही, फक्त मांडणी उलटली. आधीचं ते सिस, नंतरचं ते ट्रान्स. हेच ट्रान्स फॅट.

मांडणीने एवढं काय होतं? ऑलिक आम्ल तेरा-चौदा अंशांवर वितळतं. त्याचंच ट्रान्स भावंड इलाइडिक आम्ल, तेच अठरा कार्बन, तेच चौतीस हायड्रोजन, तेच दोन ऑक्सिजन, वितळतं चव्वेचाळीसच्या आसपास. समोरासमोर ठेवा, एक पातळ आणि एक घट्ट. वस्तू म्हणजे तिचे घटक, असं मानणाऱ्यांना आम्ही वर्गात हेच उदाहरण द्यायला हवं होतं. पंचवीस वर्षं उगाच फळ्यावर खुर्ची आणि लाकूड काढत बसलो.

शरीरालाही हा फरक कळतो. १९९० मध्ये नेदरलँड्सच्या मेन्सिंक आणि काटान यांनी निरोगी माणसांना आळीपाळीने वेगवेगळ्या चरबीचा आहार देऊन दाखवलं की ट्रान्स चरबीने रक्तातलं वाईट कोलेस्टेरॉल वाढतं आणि चांगलं घटतं. संपृक्त चरबी पहिलं करते. ट्रान्स दोन्ही करते. पुढच्या अभ्यासांचा एकत्रित हिशेब २००६ मध्ये आला: रोजच्या उष्मांकांपैकी नुसते दोन टक्के ट्रान्समधून आले तर हृदयविकाराचा धोका सुमारे तेवीस टक्क्यांनी वाढलेला दिसतो. अमेरिकेत फ्रेड कुमेरो नावाचे शास्त्रज्ञ १९५७ पासून हे सांगत होते. शेवटी त्यांनी अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी तिथल्या सरकारी खात्यावर दावा लावला! ते एकशेदोन वर्षं जगले.

डेन्मार्कने २००३ मध्ये मर्यादा घातली. आपल्याकडे ती पायरीपायरीने आली: आधी दहा टक्के, मग पाच, १ जानेवारी २०२१ पासून तीन, आणि १ जानेवारी २०२२ पासून दोन. आमच्या आईने पस्तीस वर्षं डालड्यात शंकरपाळे तळले. तिचं हृदय बासष्टाव्या वर्षी थांबलं. त्याचं कारण हेच, असं आम्ही म्हणणार नाही. एका माणसाच्या बाबतीत असं म्हणताच येत नाही, हे मागच्याच व्याख्यानात सांगितलं. पण ज्यांना साजूक परवडत नव्हतं त्यांनीच हे जास्त खाल्लं, हे म्हणता येतं.

इथे कोणीतरी म्हणेल, पाहा, कारखान्याचं ते कृत्रिम, गाईचं ते शुद्ध. थांबा. गाय गवत खाते, आणि गवतातली चरबी बरीचशी असंपृक्त असते. मग दूध-तुपातली चरबी एवढी संपृक्त कशी? एक मोठं कारण गाईच्या पहिल्या पोटात आहे. तिथले जंतू असंपृक्त शेपट्यांवर हायड्रोजन चढवतात. होय, हायड्रोजनीकरणच, निकेलशिवाय, अडतीस-एकोणचाळीस अंशांवर. आणि तेही कधी अर्ध्यावर थांबतं, म्हणून साजूक तुपातही थोडं ट्रान्स असतं, काही टक्के. कारखान्याच्या वनस्पतीत ते पूर्वी कितीतरी जास्त, काही नमुन्यांत तिसऱ्या हिश्श्याच्याही वर असे. प्रश्न नैसर्गिक की कृत्रिम हा नव्हताच, किती हा होता. आजचे कारखानदार एक तर हायड्रोजनीकरण पूर्ण करतात, म्हणजे बाक उरत नाही आणि ट्रान्सही उरत नाही, आणि त्या कडक चरबीच्या शेपट्या पातळ तेलाच्या शेपट्यांशी अदलाबदल करून घेतात. किंवा सरळ पामतेल वापरतात. खारी-नानकटाईचं पाकीट घ्याल तेव्हा त्यावर ‘अंशतः हायड्रोजनीकृत’ हे शब्द शोधा. ‘अंशतः’ हा शब्द महत्त्वाचा.

बरं, तूप पुरे. हायड्रोजनीकरणाचे दुसरे उपयोग पाहू, काही घाईने.

खत: हवेतल्या नायट्रोजनवर हायड्रोजन चढवला की अमोनिया. हाबर यांनी १९०९ मध्ये प्रयोगशाळेत केलं, बॉश यांनी कारखान्यात. १९१३ मध्ये जर्मनीत ओपाउला उत्पादन सुरू. उत्प्रेरक लोखंड, तापमान चारशे-पाचशे अंश, दाब वातावरणाच्या दीडदोनशे पट. आपल्या चिकूच्या वाडीत पडणारा युरिया तिथूनच येतो.

डिझेल: यातल्या गंधकावर हायड्रोजन चढवून तो हायड्रोजन सल्फाइड म्हणून बाहेर काढतात. एप्रिल २०२० पासून देशभर बीएस-सहा आलं, गंधकाची मर्यादा दहा लाख भागांत पन्नासवरून दहावर आली. चारोटी-तलासरीच्या हायवेवर रात्रभर ट्रक वाहतात, त्यांच्या धुरातला गंधक तेवढा घटला. डहाणूकरांना गंधकाचं वेगळं सांगायला नको. आपल्या औष्णिक वीज केंद्राच्या चिमणीवर गंधक पकडणारी यंत्रणा बसावी म्हणून न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारींच्या प्राधिकरणाने किती वर्षं लावून धरलं. ती २००७ मध्ये चालू झाली. तिथे गंधक जळल्यानंतर धुरातून धुतात, समुद्राच्या पाण्याने. डिझेलमध्ये जळण्याआधीच काढतात. कोळशाला तशी सोय स्वस्तात नाही.

आता औषधं, म्हणजे त्या मुलाचं भांडं. पॅरासिटामॉलचं उदाहरण घेऊ. त्यासाठी नायट्रो गट असलेल्या पदार्थाचा अमिनो करावा लागतो, म्हणजे ऑक्सिजन काढून हायड्रोजन बसवायचा. जुनी रीत लोखंडाचा कीस आणि आम्ल. काम होतं, पण लोखंडाचा काळा गाळ उरतो. साधं अॅनिलिन या रीतीने एक किलो करायचं तर हिशेबाने पावणेदोन किलोहून जास्त गाळ. हायड्रोजन आणि उत्प्रेरक वापरला तर मागे उरतं पाणी. खाडीकाठच्या मच्छीमाराच्या बाजूने पाहिलं तर ही रीत फार बरी. भांड्याजवळ उभ्या असलेल्या माणसाच्या बाजूने पाहिलं तर मात्र तिच्यात धोका जास्त आहे, आणि हे दोन्ही एकाच वेळी खरं आहे.

या कामाला बहुधा कोळशावर बसवलेलं पॅलेडियम किंवा रेनी निकेल वापरतात. मरे रेनी या अमेरिकन इंजिनिअरने १९२०च्या दशकात ते तेलाचं तूप करण्यासाठीच शोधलं. निकेल-अॅल्युमिनियमचा मिश्रधातू घ्यायचा, कॉस्टिकने अॅल्युमिनियम विरघळवून काढायचं; उरतो तो जाळीदार निकेल, पोटात हायड्रोजन धरून बसलेला. तो पाण्याखाली ठेवतात. सुकला आणि हवा लागली तर आपोआप पेटतो. काडी लागत नाही.

आमच्या एका विद्यार्थ्याने, नोकरीच्या दुसऱ्या महिन्यात, फिल्टरखाली सांडलेली काळी राड फडक्याने पुसली आणि फडकं कोपऱ्यात टाकलं. जेवणाच्या सुट्टीपर्यंत ते सुकलं. शेजारी मिथेनॉलचा ड्रम होता. त्याच्या दोन्ही हातांवर आजही खुणा आहेत. त्याला कोणी सांगितलं नव्हतं की ती राड म्हणजे काय.

आता नायट्रोजन. भांडं बंद केलं तेव्हा आत हवा आहे, म्हणजे ऑक्सिजन आहे. त्यात हायड्रोजन सोडला तर? हवेत हायड्रोजन चार टक्क्यांपासून पंचाहत्तर टक्क्यांपर्यंत कितीही असला तरी पेट घेतो. स्वयंपाकाच्या गॅसचा पट्टा साधारण दोन ते साडेनऊ, तुलना करा. लागणारी ठिणगी इतकी छोटी की ती डोळ्यांना दिसतही नाही. आणि आत उत्प्रेरक आहे, तो स्वतःच ठिणगी. म्हणून आधी नायट्रोजन भरून सोडायचा. तीनदा का? एकदा चारपट दाबापर्यंत भरून सोडला की जुन्या हवेचा चौथा हिस्सा उरतो. दुसऱ्यांदा सोळावा. तिसऱ्यांदा चौसष्टावा. ऑक्सिजन एकवीस टक्क्यांवरून पाव-अर्ध्या टक्क्यावर येतो. दोनदाच केलं तर सव्वा टक्क्याच्या वर. शिफ्ट संपत आली म्हणून एक फेरी गाळली तर काय गाळलं, ते या आकड्यात आहे. काम झाल्यावरही तेच, उलट्या बाजूने: आधी हायड्रोजन सोडायचा, मग नायट्रोजन, आणि मगच झाकण. फिल्टरवरचा उत्प्रेरक कायम ओला.

तेव्हा नायट्रोजन गाढव नाही. नैयायिकांनी याचाही विचार केलेला आहे. ते म्हणतात, अग्नी जाळतो. पण जवळ विशिष्ट मणी ठेवला तर जाळत नाही. त्या मण्याला ते प्रतिबंधक म्हणतात. तुझा नायट्रोजन हा तो मणी आहे, बाळा. त्याचं काहीच होत नाही, आणि त्याच्यामुळे आत दुसरंही काही भलतं होत नाही.

आणखी एक, हे मात्र घरी जाऊन सगळ्यांना सांग. हाच मणी माणसाला मारतो. नायट्रोजनला वास नाही, त्याने गुदमरल्यासारखंही वाटत नाही. नायट्रोजन भरलेल्या भांड्यात डोकं घातलं तर दोन-तीन श्वासांत माणूस पडतो, आणि त्याला काढायला आत उतरणारा दुसराही पडतो. ऑक्सिजन मोजल्याशिवाय, लेखी परवानगीशिवाय, बाहेर माणूस उभा असल्याशिवाय झाकणाच्या आत डोकं घालायचं नाही. कोणीही सांगितलं तरी.

वेळ संपली. प्रश्न चहा घेता घेता विचारा. टेबलावर बाटली दिसते ती मोहाच्या तेलाची; तोच तरुण आज घरून घेऊन आला आहे.